बालकथेतील जुळी भावंडे



जुळ्यांची गोष्ट सांगणाऱ्या लेखकाला एक सोय फुकट मिळते. दोन पात्रे दिसायला सारखी असली की कथानक आपोआप चालू लागते. एकाने उधार आणलेला माल दुसऱ्याच्या नावावर चढतो, एकाची बायको दुसऱ्याला जेवायला बोलावते, एकाचा मार दुसरा खातो. रोमन नाटककार प्लॉटस याने ही युक्ती वापरली. त्याच्यापासून ती शेक्सपिअरने उचलली आणि जुळ्या धन्यांच्या जोडीला जुळे नोकरही आणून गोंधळ दुप्पट केला. शेक्सपिअरच्या ‘कॉमेडी ऑफ एरर्स’वरून ईश्वरचंद्र विद्यासागरांनी १८६९ मध्ये बंगालीत ‘भ्रांतिविलास’ लिहिले, आणि १९८२ मध्ये गुलजार यांनी ‘अंगूर’ या चित्रपटात तेच कथानक हिंदी प्रेक्षकांपुढे ठेवले. दोन हजारांहून अधिक वर्षे लोक या एकाच गमतीवर हसत आले आहेत.

या परंपरेत एक गोष्ट ध्यानात घेण्यासारखी आहे. शेक्सपिअरच्या नाटकात दोन्ही धन्यांचे नाव अँटिफोलस आहे आणि दोन्ही नोकरांचे ड्रोमिओ. गोंधळ व्हायचा तर नावेही सारखी हवीत. म्हणजे चेहरा एक, नाव एक. वेगळे आहे ते फक्त शहर. प्रहसनाला एवढे पुरते. परंतु हीच युक्ती बालवाङ्मयात आली तेव्हा तिच्याबरोबर एक अडचणही आली. प्रहसनाचा प्रेक्षक प्रौढ असतो आणि त्याला स्वतः कोण आहोत याविषयी फारशी शंका नसते. गोष्ट वाचणारे आठ-दहा वर्षांचे मूल मात्र त्याच प्रश्नाच्या मागे असते. सारख्या कपड्यांतील दोन मुले पाहून ते हसते खरे, पण ती मुले घरी गेल्यावर त्यांच्यापैकी कोण कोण असते, हेही त्याला जाणून घ्यायचे असते. आणि वाचणारे मूल स्वतःच जुळ्यांपैकी एक असेल, तर हा प्रश्न त्याच्यापुरता मुळीच गमतीचा नसतो.

आपल्या प्राचीन वाङ्मयाने जुळ्यांना बहुधा जोडीनेच पाहिले आहे. संस्कृतात द्विवचन असल्यामुळे ही दृष्टी व्याकरणातच रुजलेली होती. वेदांतील अश्विनीकुमार द्विवचनातच वावरतात. ऋग्वेदात ‘नासत्य’ हे नाव दोघांना मिळून दिलेले आढळते. पुढे महाकाव्यांच्या काळात कोणाला तरी त्या दोघांना वेगळे करावेसे वाटले, तेव्हा एक नासत्य झाला आणि दुसऱ्याला दस्र हे नाव मिळाले. एकच नाव दोघांत वाटून घेण्याचा हा प्रकार रामायणातही दिसतो. उत्तरकांडातील कथेप्रमाणे वाल्मीकींनी नवजात बाळांच्या रक्षणासाठी दर्भाची मूठ दिली. मोठ्याला कुशाने पुसावे व धाकट्याला लवाने, असे त्यांनी सांगितले आणि त्यावरून दोघांची नावे पडली. टीकाकार सांगतात की दर्भाचा वरचा भाग तो कुश व खालचा तो लव. एका मुठीचे दोन तुकडे, आणि त्या तुकड्यांची दोन नावे. मराठी माणूस ‘लव-कुश’ म्हणतो, म्हणजे धाकट्याचे नाव आधी घेतो. आणि त्यात काही उलटसुलट झाले असे कोणालाच वाटत नाही. दोघांचा उल्लेख एका श्वासात व्हायचा असल्यामुळे कोण आधी याला महत्त्वच उरत नाही.

अश्विनीकुमारांचे पुत्र नकुल व सहदेव यांची गोष्ट अधिक बोलकी आहे. वनपर्वातील यक्ष युधिष्ठिराला एका भावाला जिवंत करण्याची मुभा देतो, तेव्हा तो नकुलाची निवड करतो. कारण असे की, कुंतीचा एक पुत्र जिवंत आहे, तर माद्रीचाही एक असावा. युधिष्ठिराच्या न्यायबुद्धीची ही कथा आपण मुलांना आवडीने सांगतो. पण ज्याची निवड झाली त्याच्या बाजूने ती ऐकून पाहावी. नकुलाला निवडले ते तो नकुल आहे म्हणून नव्हे. माद्रीच्या मुलाची एक जागा रिकामी होती, ती त्याने भरली. सहदेवाचे नाव घेतले असते तरी तोच हेतू साधला असता. याच महाभारताने शेवटी मात्र दोघांना एकमेकांपासून वेगळे केले आहे. महाप्रस्थानाच्या वाटेवर सहदेव आधी पडतो आणि नकुल नंतर. आणि भीमाने विचारल्यावर युधिष्ठिर प्रत्येकाचा निराळा दोष सांगतो. सहदेवाला आपल्या बुद्धीचा गर्व होता, नकुलाला आपल्या रूपाचा. आयुष्यभर ‘माद्रीपुत्र’ म्हणून जोडीने ओळखले गेलेल्या या दोन भावांची आपापल्या स्वभावावरून अशी स्वतंत्र नोंद व्हायला हिमालयाची चढण यावी लागली.

आधुनिक काळात बालकांसाठी लिहिलेल्या जुळ्यांच्या कथांमध्ये जर्मन लेखक एरिश केस्टनर यांची ‘दास डोपेल्टे लोटशेन’ ही कादंबरी सर्वांत अधिक वाचली गेलेल्यांपैकी आहे. ती १९४९ मध्ये प्रसिद्ध झाली. चित्रे वाल्टर ट्रिअर यांची होती. पण तिची कल्पना त्याआधीची आहे. केस्टनर यांची पुस्तके १० मे १९३३ रोजी बर्लिनमध्ये नाझींनी जाहीरपणे जाळली, आणि त्या वेळी ते स्वतः गर्दीत उभे राहून ते दृश्य पाहत होते. त्यांच्या लेखनावर बंदी आली. युद्धकाळात ही बंदी थोड्या अवधीसाठी सैल झाली असता १९४२ मध्ये त्यांनी चित्रपटासाठी जुळ्या मुलींच्या या कथेचा आराखडा तयार केला होता. पुन्हा बंदी आली आणि तो आराखडा तसाच राहिला. सर्वांनी एकसारखे दिसावे, एकसारखे चालावे व एकाच सुरात बोलावे असा आग्रह धरणाऱ्या राजवटीत एका लेखकाने हुबेहूब सारख्या दिसणाऱ्या दोन मुलींच्या दोन स्वभावांची कथा रचली. त्यात मुद्दाम रचलेले रूपक शोधण्याची गरज नाही; तरी हा काळ विसरून ती कथा वाचणेही बरोबर होणार नाही.

कथा थोडक्यात अशी. डोंगरातील तळ्याकाठी मुलींचे एक सुटीतील वसतिगृह आहे. व्हिएन्नाहून आलेली लुइझे पाल्फी कुरळ्या केसांची, दांडगट व बोलकी आहे. म्युनिकहून आलेली लोटे कोर्नर हिच्या दोन घट्ट वेण्या आहेत. ती अबोल व जबाबदार आहे. दोघी नऊ वर्षांच्या, आणि चेहरा एकच. लुइझेला प्रथम राग येतो. आपला चेहरा दुसऱ्या कोणाकडे असावा हे तिला सहन होत नाही. वसतिगृहाच्या चालक बाई दोघींना शेजारी शेजारी खाटा देतात. रात्री लोटे उशीत तोंड खुपसून रडत असते, आणि अंधारात शेजारच्या खाटेवरून एक हात येऊन तिच्या केसांवरून फिरू लागतो. मैत्री होते, जन्मतारीख व जन्मगाव एकच निघते, आणि आपण जुळ्या बहिणी असून आईवडील विभक्त झाल्यावर एकीला आईने व दुसरीला वडिलांनी ठेवून घेतले, हे दोघींना उमगते. दोघी वेण्या आणि कुरळे केस यांची अदलाबदल करतात, आणि प्रत्येक जण दुसरीच्या घरी जाते.

या दोघींची नावे कशी पडली हे केस्टनर यांनी जाता जाता सांगितले आहे. आईचे नाव लुइझेलोटे. ते नाव मधून कापून एक भाग एका मुलीला दिला, दुसरा दुसरीला. पुढे त्याच दांपत्याने मुलींचीही तशीच वाटणी केली. वाल्मीकींची दर्भाची मूठ आणि म्युनिकच्या या बाईंचे नाव यांच्यामध्ये कोणताही संबंध असण्याचे कारण नाही. परंतु दोन दूरच्या काळांतील लेखकांना जुळ्यांना नाव देताना एक वस्तू दोन ठिकाणी तोडावीशी वाटली, ही गोष्ट नजरेतून सुटत नाही. पुस्तकाच्या नावातही एक गंमत आहे. ‘दुहेरी लोटशेन’ असा त्याचा शब्दशः अर्थ होतो. म्हणजे दोघींपैकी एकीचेच नाव मुखपृष्ठावर आले, आणि तेही अबोल असलेल्या मुलीचे. इंग्रजी अनुवादकाला हे खटकले असावे. १९५० मध्ये निघालेल्या सिरस ब्रुक्स यांच्या अनुवादाच्या मुखपृष्ठावर ‘लॉटी अँड लिसा’ अशी दोघींचीही नावे आली. न्यायाच्या दृष्टीने हे बरे, पण मूळ नावातील खोच त्यात हरवली.

अदलाबदलीनंतरच्या प्रकरणांत या कथेचे खरे मोल आहे. लोटेला व्हिएन्नात वडिलांबरोबर हॉटेलात जावे लागते, आणि तेथे लुइझेच्या आवडीचे सारण भरलेले गोड धिरडे ताटात येते. लोटेला ते मुळीच आवडत नाही. तरी ते खावे लागते, आणि आवडीने खाल्ल्यासारखे दाखवावे लागते. आपली आवडनिवड लपवण्याची वेळ येते तेव्हाच ती आपली आहे हे मुलाला प्रथम कळते. केस्टनर यांनी हा अनुभव एका जेवणात बसवला आहे. घरी वडिलांची मोलकरीण हिशेबात हात मारीत असते. लुइझेला त्याचा पत्ताही नव्हता. लोटे हिशेबाची वही हातात घेते आणि त्या घराला शिस्त लागते. तिकडे म्युनिकमध्ये लुइझेचा स्वयंपाक बिघडतो, शाळेत तिची प्रगती घसरते, पण लहान मुलींना छळणाऱ्या एका वर्गभगिनीला ती चांगला चोप देते. नेहमी शांत असणारी ही मुलगी एकाएकी अशी कशी झाली, म्हणून शिक्षिका बुचकळ्यात पडतात.

या साऱ्यात फसत नाही तो एक कुत्रा. शेजारच्या डॉक्टरांचा कुत्रा रोज लुइझेभोवती नाचत असे. तो लोटेला हुंगतो आणि पाठ फिरवतो. वडील, मोलकरीण, शेजारी, शिक्षक हे सारे चेहरा पाहतात. कुत्रा चेहऱ्यावर विसंबत नाही. मुलांना हा प्रसंग फार आवडतो, आणि त्यांच्या आनंदात थोडा सूडही असतो.

कादंबरीचा शेवट आनंदाचा आहे. आईला आपल्या कचेरीत आलेल्या एका छायाचित्रावरून सत्य कळते, तिकडे लोटे तापाने अंथरुणाला खिळते, आणि शेवटी आईवडील पुन्हा विवाहबद्ध होतात. लहान मुलांच्या पुस्तकात घटस्फोटाचा विषय आणल्याबद्दल मोठी माणसे नाक मुरडणार हे केस्टनर यांना ठाऊक होते. त्यांनी कथा मध्येच थांबवून त्यांना उत्तर दिले आहे. त्यासाठी त्यांनी बालनटी शर्ले टेंपल हिचा दाखला दिला: तिने चित्रपटात काम केले, पण वयाच्या नियमामुळे स्वतःचा चित्रपट पाहायला तिला चित्रपटगृहात जाता येईना. मुलांना जे भोगावे लागते ते त्यांना वाचूही द्यावे, हा त्यांचा मुद्दा आजही खोडून काढता येत नाही. मात्र शेवटाबद्दल एक शंका राहतेच. दोन मुली आपापला स्वभाव ओळखू लागल्या न लागल्या तोच त्यांच्यावर आईवडिलांना जोडण्याचे काम येऊन पडते. आईचे नाव पुन्हा सांधले जाते. पण त्या नावाच्या दोन भागांना पुढे स्वतंत्र आयुष्य मिळाले की नाही, हे कळत नाही.

चित्रपटांनी ही शंका वाढवली. १९५० मध्ये योझेफ फॉन बाकी यांनी काढलेल्या जर्मन चित्रपटात इझा व युट्टा ग्युंथर या खऱ्याच जुळ्या बहिणी होत्या. १९६१ मध्ये अमेरिकेत डिस्ने यांनी ‘द पेरेंट ट्रॅप’ काढला, त्यात हेली मिल्स या एकाच मुलीने दोन्ही कामे केली. तेथून ही कथा भारतात आली: १९६५ मध्ये तमिळमध्ये ‘कुळन्दैयुम् दैवमुम्’, आणि १९६८ मध्ये हिंदीत ‘दो कलियाँ’. तमिळमध्ये कुट्टी पद्मिनी आणि हिंदीत बालवयातील नीतू सिंग यांनी दुहेरी भूमिका केली. हिंदीतील मुलींची नावे गंगा आणि जमुना. पुन्हा जोडीनेच घेतली जाणारी नावे. दुहेरी भूमिका पाहताना प्रेक्षक नटीच्या कौशल्याचे कौतुक करतो. पडद्यावर दोन मुली दिसत असताना त्याच्या मनात एकच मुलगी असते.

दोन जुळी मुले एकाच घरात, एकाच आईवडिलांपाशी वाढूनही निराळी होतात, या गोष्टीचा शास्त्रज्ञांनीही विचार केला आहे. फ्रेंच मानसशास्त्रज्ञ रने झाझो यांनी १९६० मध्ये प्रसिद्ध केलेल्या ग्रंथाच्या शीर्षकातच तीन शब्द आहेत: जुळी, जोडी आणि व्यक्ती. त्यांचे म्हणणे असे की, ज्यांची आनुवंशिकता एकच व परिस्थितीही एकच, अशी मुलेसुद्धा जोडीत वाटून घेतलेल्या भूमिकांमुळे भिन्न व्यक्तिमत्त्वे घेऊन वाढतात. एक जण बाहेरच्या जगाशी बोलतो, दुसरा त्याच्या आडोशाला राहतो. एकाच बीजापासून झालेल्या जुळ्यांच्या बोटांचे ठसेदेखील तंतोतंत सारखे नसतात, हे तर आता सर्वश्रुत आहे. पण भूमिका वाटल्या गेल्या म्हणजे प्रत्येकाला आपले स्वतःचे काही मिळाले, असे होत नाही. कधी कधी वाटणीत एकाला सर्व येते.

याच वाटणीची कथा अमेरिकन लेखिका कॅथरीन पॅटर्सन यांनी ‘जेकब हॅव आय लव्हड’ या कादंबरीत सांगितली आहे. ती १९८० मध्ये प्रसिद्ध झाली व १९८१ मध्ये तिला न्यूबेरी पदक मिळाले. कुमारवयीन वाचकांसाठी लिहिलेली ही कादंबरी केस्टनर यांच्या पुस्तकाच्या अगदी दुसऱ्या टोकाला आहे. येथे दोन बहिणींची अदलाबदल कोणी करू शकणार नाही. कॅरोलाइन गोरी, देखणी, गोड गळ्याची. लुईस रापलेल्या हातांची, खेकडे पकडणारी. तरीही जुळेपणाचा काच केस्टनर यांच्या मुलींपेक्षा लुईसलाच अधिक आहे.

कथेतील रास हे चेसापीक उपसागरातील काल्पनिक बेट आहे. खेकडे आणि कालवे यांवर जगणारी ही वस्ती धर्मभीरू व गरीब आहे. लुईस काही मिनिटे आधी जन्मली, धडधाकट होती. कॅरोलाइन नंतर आली आणि श्वास घेईना. सुईणीने तिला मोठ्या प्रयासाने जगवले. मग तिला मुख्य भूमीवरील इस्पितळात न्यावे लागले आणि आई तिच्यापाशी राहिली. घरात ही हकिगत पुन्हा पुन्हा सांगितली जाते, आणि ती नेहमी कॅरोलाइनची हकिगत असते. मोठी झाल्यावर लुईस विचारते की, त्या वेळी आपण कोठे होतो. आईला आठवावे लागते. आजीने न्हाऊ घालून, कपडे चढवून टोपलीत ठेवले होते, असे उत्तर मिळते. एवढेच. कोणी तिचा दुस्वास केला नाही. कोणी तिला उपाशी ठेवले नाही. ती बरी होती, म्हणून तिची आठवण राहिली नाही. धडधाकट मुलाच्या वाट्याला येणारी ही उपेक्षा भारतीय वाचकाला परकी वाटू नये; आजारी भावंड असलेल्या घरात वाढलेल्या कोणालाही ती ओळखता येईल.

पुढे हेच चालू राहते. लुईस आपला मित्र कॉल याच्याबरोबर होडीतून खेकडे पकडते व मिळालेले पैसे घरात देते. त्यांतूनच कॅरोलाइनचे संगीताचे शिक्षण चालते. लुईसचे नावसुद्धा तिचे राहिलेले नाही. बोबड्या कॅरोलाइनला ‘लुईस’ म्हणता येईना, तिने ‘व्हीझ’ केले आणि सारे बेट तेच म्हणू लागले. इंग्रजीत या शब्दाचा अर्थ धाप लागल्यावर छातीतून येणारी घरघर असा होतो. जिला जन्मतः श्वास घेता आला नाही तिने, जिने सहज श्वास घेतला तिला हे नाव द्यावे, यातला उपरोध लेखिकेने बोलून दाखवलेला नाही. केस्टनर यांच्या मुलींना आईच्या नावाचा अर्धा भाग मिळाला होता. लुईसला बहिणीच्या जिभेला जमेल तेवढेच नाव मिळाले.

पुस्तकाचे शीर्षक बायबलातून आले आहे. इसहाकाच्या दोन जुळ्या मुलांपैकी एसाव आधी जन्मला. याकोब त्याची टाच धरून मागोमाग आला, आणि पुढे थोरल्याचा हक्क व बापाचा आशीर्वाद दोन्ही त्यानेच मिळवले. देवाने याकोबावर प्रेम केले व एसावाचा द्वेष केला, असे एक कठोर वचन आहे. लुईसची आजी ते वचन तिच्या कानात कुजबुजते. लुईस बायबल उघडून पाहते, तो हे शब्द प्रत्यक्ष देवाच्या तोंडचे. चौदा-पंधरा वर्षांच्या मुलीला याहून मोठा पुरावा कोणता हवा? आजीच्या या क्रौर्याची थोडी अतिशयोक्ती झाली आहे असे काही वाचकांना वाटते. पण म्हातारपणी जिभेवरचा ताबा सुटलेली माणसे घराघरांतून असतात, आणि मुलांच्या मनात नेमके त्यांचेच शब्द घर करून बसतात.

या कादंबरीचे बळ असे की ती कॅरोलाइनला खलनायिका करीत नाही. कॅरोलाइन गुणी आहे, हसतमुख आहे, कित्येकदा चतुरही आहे. शिक्षणासाठी तिला बाहेर जाण्याची संधी मिळते. पुढे ती न्यूयॉर्कच्या जुलियार्ड संगीतशाळेत जाते. युद्धावरून परतलेला कॉलही तिच्याशीच लग्न करतो. लुईस वडिलांच्या होडीवर पुरुषाचे काम करीत राहते, आणि त्या कष्टाच्या हिवाळ्यात ती जवळजवळ सुखी असते. आपल्याला अडवून ठेवलेले आहे असे ती मानून चालते. बेटावरचा वृद्ध कॅप्टन तिला विचारतो की तुला काय हवे आहे, तेव्हा तिच्यापाशी उत्तर नसते. काय नको हे तिला ठाऊक होते. बहिणीला जे मिळाले ते आपल्याला मिळाले नाही, हेही ठाऊक होते. बहिणीचा संबंध नसलेली एकही इच्छा तिने तोवर केली नव्हती.

मग ती आईवर चिडते. आई तिला जायची मोकळीक देते; ती मोकळीक पूर्वीही होतीच. तुझी उणीव आम्हाला भासेल, असे आई म्हणते. कॅरोलाइनएवढी? असे लुईस विचारते, आणि आई म्हणते की तिच्याहून अधिक. वास्तविक हे उत्तरदेखील तुलनेतच दिलेले आहे. परंतु मुलगी बेट सोडू शकते ती या एका शब्दाच्या आधारावर, आणि लेखिकेने त्यावर एक वाक्यही अधिक खर्च केलेले नाही.

भारतीय भाषांत ही कादंबरी आणायची झाल्यास अनुवादकापुढे पहिल्याच पानापासून प्रश्न उभे राहतील. इंग्रजीत दोन्ही मुली केवळ ‘सिस्टर’ आहेत. तमिळमध्ये बहीण म्हणायची तर अक्का म्हणावे लागेल किंवा तंगै. बंगालीत दिदी हाक येईल. मराठीत थोरलीला ताई म्हणण्याची रीत आहे. काही मिनिटांच्या अंतराने जन्मलेल्या लुईसला कॅरोलाइनने ‘ताई’ म्हणावे का? म्हटले, तर आपल्या वाचकाच्या दृष्टीने लुईसला एक मान मिळतो, जो मूळ कथेत तिला कोठेच मिळत नाही. आणि थोरलीने त्याग करावा ही आपल्याकडची अपेक्षाही न बोलता तिच्या डोक्यावर बसते. ‘ताई’ म्हणू नये, हेच बरे. ‘व्हीझ’ हे नावही तसेच ठेवून त्याचा अर्थ एकदा ओघात सांगावा. एसाव व याकोब यांच्या जागी कुश-लव किंवा नकुल-सहदेव घालण्याचा मोह तर कटाक्षाने टाळला पाहिजे, कारण त्या जोड्यांत वैर नाही. परक्या कथेतील दुःख आपल्या ओळखीच्या नावांत बसवले की ते सौम्य होते.

आणखी एक धोका संक्षेपाचा आहे. कुमारांसाठी पुस्तक लहान करताना शेवटचा भाग कापला जाण्याचा संभव अधिक, कारण तेथे लुईस मोठी झालेली आहे, परगावी आहे, आणि कथेचा ओघ वरवर पाहता संपलेला आहे. लुईसला वैद्यकीय शिक्षण घ्यायचे असते. युद्धावरून परतलेल्या तरुणांची गर्दी असताना एका मुलीला प्रवेश मिळणे कठीण, असा सल्ला तिला मिळतो आणि ती परिचारिका व सुईण होते. ॲपलेशियन डोंगरातील ट्रुइट नावाच्या खोऱ्यात ती काम धरते. हे तिच्या वडिलांचेही नाव आहे. तेथेच तीन मुले असलेल्या एका विधुराशी ती विवाह करते आणि तिला स्वतःचा मुलगा होतो.

त्यानंतर एका हिवाळ्यात तिला एका झोपडीत प्रसूतीसाठी बोलावतात. जुळे असते. पहिला मुलगा सुखरूप व सशक्त जन्मतो. दुसरी मुलगी अडते; बाहेर येते ती निळी पडलेली व थंडगार. लुईस तिला चुलीच्या उबेत धरते, तिचा बाप्तिस्मा करते, अंगावर दूध असल्यामुळे स्वतःच तिला पाजते, आणि मुलगी तग धरते. या गडबडीत बराच वेळ गेलेला असतो. एकदम तिच्या काळजात चर्र होते आणि ती विचारते की दुसरे मूल कोठे आहे. तो टोपलीत झोपला आहे, असे घरातील आजी सांगते. लुईस तिला म्हणते की त्याला उचलून घ्या, जितका वेळ घेता येईल तितका वेळ घ्या, नाही तर त्याच्या आईपाशी तरी द्या. मग ती रात्रीच्या बर्फातून आपल्या घराकडे चालू लागते. तिच्या कानात एक गाणे वाजत असते. बेटावर असताना एका हिवाळ्यात ते कॅरोलाइनने म्हटले होते.